शिक्क्यावरचं कुंकू

"सरकारी कागदात माझी चूक काढणारा अजून जन्माला यायचाय!" नलिनीबाईंनी सिल्वासाजवळच्या सामरवरणीच्या शिवणवर्गात अकरा बायकांसमोर जाहीर केलं.

सदतीस वर्षं सिल्वासाच्या मराठी शाळेत शिकवलेली बाई. निवृत्तीनंतर त्यांनी बचतगट काढला आणि यंदा शाळांच्या गणवेशाचं टेंडर भरलं. मिळालं तर अकरा जणींना वर्षभर शिलाई. नाही मिळालं तर पुन्हा कारखान्याच्या गेटवर रोजंदारीला उभं राहायचं!

बाईंनी कागद तीन-तीनदा तपासले आणि स्कॅन करायला गटातल्या कोंडाबाईच्या हाती दिले. आठव्या दिवशी पोर्टलवर निकाल झळकला : 'अपात्र. शपथपत्रावरील नोटरीचा शिक्का अवाचनीय.'

"अवाचनीय? मेल्यांचे डोळे फुटले काय?" बाईंनी कपाटातून मूळ शपथपत्र काढलं. शिक्क्यावर बरोब्बर मधोमध कुंकवाचा रुपयाएवढा टिळा! स्कॅनमध्ये तो डांबराच्या गोळ्यासारखा उमटला होता.

"कोंडाबाई!"

कोंडाबाई अमळनेरकडची. ती शांतपणे म्हणाली, "बाई, मशीन आलं तवा कुकू लावलं. लाइटीचं मीटर आलं तवा लावलं. मंग एवढ्या मोठ्या कामाचा कागद कोरा कसा धाडायचा?"

"अगं, पण शिक्क्यावर?"

"तेच तर देवाच्या टाकासारखं गोल दिसत व्हतं!"

बाई तडक खरेदी कचेरीत गेल्या. तिथले चेतनसाहेब म्हणजे बाईंचा तिसरीतला विद्यार्थी. तेव्हा त्याचं नाक बाईंच्या रुमालानं पुसावं लागायचं.

"बाई, नियम म्हणजे नियम," चेतन म्हणाला.

"नियम मी वाचलेत! स्कॅन अस्पष्ट असेल तर मूळ प्रत मागवावी, असं तुमच्याच टेंडरात लिहिलंय. त्या वापीच्या ठेकेदाराचा दाखला उलटा स्कॅन झाला, त्याला दोन दिवस दिलेस. पोर्टलवर अख्ख्या जगाला दिसतंय! मग मला का नाही?"

"ते... समितीनं ठरवलं."

"कुठाय समिती? कारण लेखी दे!"

"बाई, मग वर दाद मागा."

"मागतेच! पार मुंबईला जाऊन मागते! आपलं हायकोर्ट तिथंच आहे!"

पूर्वी याच गावात टेंडरचे लाखबंद लिफाफे सगळ्यांदेखत फुटायचे. साहेब मोठ्यानं वाचायचे आणि ज्याचं नाव गळलं त्याला तोंडावर कारण सांगून वर चहा पाजायचे. आता ना साहेब दिसतो, ना चहा. नुसता पडदा!

मुंबईला बाईंच्या मैत्रिणीची मुलगी धनश्री हायकोर्टात वकील होती. तिनं आधीच बजावलं, "काकू, कोर्ट तुमची शिलाई बघणार नाही. काम कुणाला द्या, तेही सांगणार नाही. बाद करताना सगळ्यांना एकच न्याय लावला का, एवढंच बघेल."

"तेवढंच बघू दे. मग बघते एकेकाला!"

धनश्रीनं याचिका दाखल केली. तिच्यावर सरकारी उत्तर आलं आणि आगीत तेल पडलं. 'सदर शिक्का संशयास्पद लाल द्रव्याने हेतुपुरस्सर झाकण्यात आला असून बनावटगिरीची शक्यता नाकारता येत नाही.'

"लाल द्रव्य?" कोंडाबाई उसळली. "माझ्या सवाष्णीच्या करंड्यातलं कुकू ते! मी पन येते कोर्टात!"

ती आलीच. सरकारी वकिलांनी 'लाल द्रव्य' म्हणताच ती मागच्या बाकावरून ओरडली, "कुकू हाय साहेब! हुंगून बघा!"

धनश्रीनं कपाळाला हात लावला. न्यायमूर्तींनी चष्म्यावरून पाहिलं आणि मूळ कागद मागवला. तो उचलून टिचकी मारली, तसं कुंकू भुरभुरून त्यांच्या गळ्यातल्या पांढऱ्याशुभ्र बँडवर सांडलं. खालचा शिक्का लख्ख!

"वाचता येतोय," न्यायमूर्ती कोरडेपणानं म्हणाले. एकाला संधी, दुसरीला नाही, हा मनमानी कारभार झाला. अपात्रता रद्द. यांचेही दर उघडा. निवड मात्र नियमानं समितीच करेल.

आठवड्यानं कचेरीत दर उघडले. अकराही बायका ठेवणीतल्या साड्या नेसून हजर होत्या. पडद्यावर तीन नावं आली. बाईंचं तिसरं.

"लबाडी! कारण लेखी दे!" बाई गरजल्या.

चेतननं या वेळी वाद घातला नाही. लिहिलं, सही केली आणि कागद दोन्ही हातांनी दिला : 'दर सर्वांत जास्त.'

"जास्त असणारच! दुहेरी शिलाई आहे. खाली चार बोटं दुमड ठेवलीय, पोर वाढलं की सोडायची. एक गणवेश तीन वर्षं जाईल, तीन!"

"बाई," चेतन हळूच म्हणाला, "गणवेशाचं टेंडर दरवर्षी निघतं."

मागून कोंडाबाईनं विचारलं, "मंग बाई, उद्या गेटवर किती वाजता जायचं?"

बाईंनी तिथूनच धनश्रीला फोन लावला आणि सगळं सांगितलं, श्वासही न घेता.

"काकू," धनश्री म्हणाली, "याच्यावर अपील नसतं हो."