उलट्या रांगेतले साहेब

साहेबाला खूश कसं करायचं हे लालबागच्या माणसाला शिकवावं लागत नाही, असं हितेंद्र परबने मंडळाच्या मीटिंगमध्ये छातीठोकपणे सांगितलं, तेव्हा सगळ्या कमिटीने माना डोलावल्या. खरं सांगायचं तर रविवारची दुपार होती, घरोघरी मटण झालं होतं आणि निम्मी कमिटी पेंगत होती. पण हितेंद्रला ती दाद वाटली. आणि एकदा दाद मिळाली की हा माणूस कोणाला आवरत नाही!

साहेबाची एवढी काळजी पडायला कारणही तसंच होतं. हितेंद्र परळच्या एका कुरिअर कंपनीत जुना क्लार्क. गिरणीच्या आवारात काचेची इमारत उभी राहिली, तिच्यात ऑफिस. जिथे आजोबांनी साचे चालवले तिथेच नातू पार्सलं चालवतो, हे तो पाहुण्यांना कॉलर ताठ करून सांगायचा. घरून चपला घालून निघायचं, ओळखीच्यांना हात करत चालत ऑफिस गाठायचं, दुपारी घरी येऊन बांगड्याचं तिखलं आणि भात हाणायचा आणि पुन्हा टेबलावर हजर व्हायचं, असं त्याचं सुखात चाललं होतं. या सुखात यंदा भिवंडी आडवी आली. कंपनीने तिकडे नवं गोदाम घेतलं होतं, एक अनुभवी माणूस तिथे कायमचा पाठवायचा होता, आणि तो कोण हे सबनीससाहेब गणपतीनंतर जाहीर करणार होते. सायन ओलांडलं की ज्याला परदेशात आल्यासारखं वाटतं, त्याला भिवंडी! हितेंद्रचं जेवण तुटलं. म्हणजे एक चपाती कमी झाली. पण ते बायकोच्या, अक्षदाच्या, लगेच लक्षात आलं, यावरून प्रकरण किती गंभीर होतं ते समजा.

इकडे मंडळापुढे देखाव्याची अडचण होती. गेल्या वर्षी ज्वालामुखी केला होता. त्याचं धुराचं मशीन एकदा चालू झालं ते बंदच होईना, आणि शेवटची आरती सगळ्यांनी अंदाजाने केली. त्यामुळे यंदा मशीन नको, मोटर नको आणि धूर तर मुळीच नको, असं सेक्रेटरी लहूकाकांनी बजावलं होतं. उपाय सुचवला तो हितेंद्रच्या मुलीने, नूपुरने. नूपुर नववीत. वर्गात, घरात, गॅलरीत, जिथे बसेल तिथे कॉमिक काढायची. तिचं म्हणणं सोपं होतं. चाळीच्या दोन इमारतींमधल्या बोळात दोन्ही बाजूंना दाराएवढ्या पुठ्ठ्यांवर चित्रकथा लावायची. लोक समोरच्या फाटकातून आत येतील, चित्रं बघत मधल्या गणपतीपाशी पोहोचतील, दर्शन घेतील आणि पुढची चित्रं बघत मागच्या दाराने बाहेर पडतील. पान उलटायलाच नको, वाचणाराच पुढे सरकणार. लहूकाकांना ही कल्पना फार आवडली, कारण तिला वायर नव्हती.

हितेंद्रच्या डोक्यात मात्र दुसरंच शिजायला लागलं. एका भिंतीवर ऑफिसची गोष्ट लावायची, तिच्यात साहेबाला देव करायचा, मग खुद्द सबनीससाहेबांना सपत्नीक दर्शनाला बोलावून शाल-श्रीफळ देऊन सत्कार करायचा. इतकं झाल्यावर कोणता साहेब सत्कार करणाऱ्यालाच भिवंडीला धाडेल?

नूपुरने चित्रं काढायचं कबूल केलं, पण अट घातली. समोरच्या भिंतीवर तिची स्वतःची गोष्ट लागणार, चौदा वर्षांच्या मुलीची. ती पप्पांनी आधी बघायची नाही आणि सुधारायची तर अजिबातच नाही. हितेंद्रने ताबडतोब हो म्हटलं. त्याला त्या भिंतीशी काही देणंघेणं नव्हतं.

ऑफिसची गोष्ट त्याने शेजारी बसून काढून घेतली. पहिल्या चित्रात ऑफिसची दुर्दशा. क्लार्क टेबलावर डोकं टाकून घोरतोय, पार्सलांचा ढीग कोसळलाय, दारात टेम्पो कलंडलाय, गिऱ्हाईकं बोंबलतायत. मग नवे साहेब येतात. आधी ओरडतात, मग समजावतात, मग हाताला धरून शिकवतात. क्लार्कचे डोळे हळूहळू उघडतात, पाठ ताठ होते. शेवटच्या चित्रात ऑफिस लखलखतंय, टेम्पो शिस्तीत उभे, आणि साहेबांच्या डोक्यामागे तेजाचं वलय. सुरुवातीला पाटी, ‘एका ऑफिसची कहाणी’. शेवटी, बघणाऱ्याच्या मनात शंका राहू नये म्हणून, त्याहून मोठी पाटी, ‘ही सारी साहेबांची कृपा!’ वलय जरा जास्त होतंय, असं नूपुर म्हणाली. हितेंद्रने ते आणखी मोठं करून घेतलं.

साहेबांनी आमंत्रण स्वीकारलं. ऑफिस सुटल्यावर हितेंद्रबरोबरच निघायचं आणि सुचित्राबाई, म्हणजे साहेबांच्या मिसेस, दादरहून परस्पर येणार असं ठरलं. शाल आली, नारळ आला. माइक सांभाळणाऱ्या दगडूला काय बोलायचं ते हितेंद्रने घोकून घेतलं. सगळं कसं जमून आलं होतं, आणि सत्काराच्याच दिवशी दुपारी तो साहेबांच्या केबिनमध्ये उभा असताना लहूकाकांचा फोन आला. शेजारच्या मोठ्या गणपतीची रांग फुगत फुगत यांच्या फाटकापर्यंत आली होती.

“हितू, पोलिसांनी फुडच्या फाटकातून आत सोडूचा बंद केल्यानी,” लहूकाका म्हणाले. “लोक मागच्या दारान येतले नि फुडून भायर पडतले. तुझी चित्रां उलटी वाचतले मा! काढून फिरवून लावूया काय?”

चित्रं सुतळीने आवळून खिळ्यांनी ठोकलेली. ती काढायची म्हणजे दर्शन बंद ठेवायला हवं, आणि दर्शन बंद म्हणजे सत्काराला टाळ्या वाजवणार कोण? समोर साहेब घड्याळाकडे बघत होते. हितेंद्रला एवढंच सुचलं की लोक आत शिरताच शेवटची पाटी दिसणार आणि जाताना पहिली, आणि ते काही बरं दिसणार नाही.

“चित्रं राहू द्या, काका. चित्रं काय कोण क्रमाने बघतं?” तो दबक्या आवाजात म्हणाला. “फक्त दोन पाट्यांची अदलाबदल करा.”

फोन खिशात टाकताना आपण किती तातडीने निर्णय घेतो याचं त्याला कौतुक वाटलं. असा माणूस भिवंडीला पाठवणं हे कंपनीचंच नुकसान, असंही त्याच्या मनात येऊन गेलं.

संध्याकाळी मंडळी मागच्या दाराने आत शिरली. रांग दाट होती. पुढे साहेब आणि सुचित्राबाई, मागे हितेंद्र, आणि त्याच्याही मागे अर्धं लालबाग. ‘एका ऑफिसची कहाणी’ ही पाटी दारातच झळकत होती. पहिलं चित्र लखलखत्या ऑफिसचं. वलय बघून साहेब थबकले आणि लाजल्यासारखे हसले. हे आपलं ऑफिस तर नव्हे, असं त्यांनी विचारलं, तेव्हा हितेंद्रने नुसती मान खाली घातली. नम्रता कशी दिसावी याची तो तालीम करून आला होता.

दुसऱ्या चित्रात वलय गेलं. टेम्पो जरा वाकडे झाले. तिसऱ्यात साहेब क्लार्कला हाताला धरून शिकवत होते आणि क्लार्कच्या पाठीला बाक आला होता. चौथ्यात साहेब समजावत होते आणि क्लार्कच्या पापण्या मिटत होत्या.

“विनीत, तू समजवायला लागलास आणि तो झोपला बघ,” सुचित्राबाई म्हणाल्या, आणि त्यांना हसू आवरेना. “अगदी घरच्यासारखं.”

पुढे काय येणार हे हितेंद्रइतकं चांगलं कोणाला ठाऊक असणार! त्याने साहेबांना गणपतीसमोर जरा जास्त वेळ उभं केलं, तीर्थ दोनदा घ्यायला लावलं, प्रसादाच्या मोदकाची अख्खी कृती सांगितली. पण मागून रांग रेटत होती, आणि रांगेच्या रेट्यापुढे साहेब काय आणि क्लार्क काय. पुढच्या चित्रात साहेब तोंड उघडून ओरडत होते आणि पार्सलं घसरायला लागली होती. रांगेतल्या पोरांनी मोबाईल बाहेर काढले. हितेंद्र हात पसरून शेवटच्या चित्रासमोर उभा राहिला, पण पुठ्ठा दाराएवढा आणि हितेंद्र साधारण खिडकीएवढा. त्याच्या दोन्ही बाजूंनी कलंडलेला टेम्पो, कोसळलेली पार्सलं आणि बोंबलणारी गिऱ्हाईकं व्यवस्थित दिसत होती. आणि या सगळ्या सत्यानाशाखाली ठळक अक्षरांत पाटी होती, ‘ही सारी साहेबांची कृपा!’

निदान दगडूला तरी थांबवावं म्हणून हितेंद्रने दुरूनच दोन्ही हात हलवले. दगडूला वाटलं, हितूशेठ संकोचतायत. त्याने आवाज वाढवला.

“ज्यांच्यावरून हा देखावा सुचला ते साहेब या क्षणी आपल्यात उपस्थित आहेत,” स्पीकर गरजला. “त्यांच्यामुळेच हे ऑफिस आज या अवस्थेला पोहोचलं. जोरदार टाळ्या होऊ द्या.”

टाळ्या कसल्या, शिट्ट्या वाजल्या! लहूकाकांनी साहेबांना कलंडलेल्या टेम्पोच्या बरोबर खाली उभं करून शाल पांघरली, हातात नारळ दिला. साहेबांचा चेहरा त्या नारळासारखा झाला होता, आत काय चाललंय ते बाहेरून कळत नव्हतं.

हितेंद्रला तिकडे बघवेना. भिवंडीचं गोदाम त्याला टेम्पोच्या चाकांमधून स्वच्छ दिसत होतं. तोंड लपवायला म्हणून तो उलट वळला आणि समोरच्या भिंतीवर नूपुरच्या गोष्टीचं शेवटचं चित्र त्याच्यासमोर आलं. उलट्या रांगेत शेवटचं, म्हणजे तिने काढलेलं पहिलं. एक ढेरपोट्या बाप आणि एक काटकुळी पोर फाटकाजवळच्या पायरीवर बसून एकाच कागदातली भजी खात होती. तो मागे मागे बघत गेला. पोर कानात इअरफोन घालून बसलीय आणि बाप हवेत बोलतोय. बाप पोरीच्या खांद्यावरून मोबाईलमध्ये डोकावतोय. एका खोलीच्या घरात दार आपटायला दुसरं दार नाही, म्हणून पोर पडदा आपटतेय! आणि पार दुसऱ्या टोकाला तोच बाप, तीच पोर, तीच पायरी, फक्त आता कागदात वडापाव. हितेंद्रला एकदम भरून आलं. ही पोरगी आपल्याकडे बघते, आणि इतकं बघते, हे त्याच्या ध्यानीमनी नव्हतं.

“पप्पा, आपली गोष्ट कुठूनही वाचली तरी चालते,” नूपुर त्याच्या शेजारी येऊन हळूच म्हणाली. “भांडणं मधेच असतात. दोन्ही टोकांना आपण खातोच आहोत.”

त्याने तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि तिने तो लगेच काढला, कारण मैत्रिणी बघत होत्या.

एवढ्यात मागून साहेबांनी हाक मारली. त्यांच्याभोवती घोळका जमला होता. बँकेतली, इन्शुरन्समधली, कुठल्या कुठल्या ऑफिसांतली माणसं शालवाल्या साहेबांबरोबर सेल्फी काढत होती, आमच्याकडेही डिट्टो असंच आहे म्हणून त्यांचा हात हलवत होती. सुचित्राबाई सगळ्यांचे मोबाईल घेऊन हौसेने फोटो काढून देत होत्या. साहेबांनी हितेंद्रला बाजूला घेतलं.

“परब, भिवंडीसाठी मी तुमचंच नाव पाठवणार होतो,” ते म्हणाले. “तुमचं ते गोड बोलणं ऐकून ऐकून वैतागलो होतो.”

हितेंद्रने नकळत साहेबांच्या शालीचं टोक सरळ केलं.

“आता पाठवलं तर हे सगळे म्हणतील, साहेबाने सूड उगवला. आणि ही मला घरात घेणार नाही.”

“नाहीच घेणार,” सुचित्राबाई फोटो काढता काढता म्हणाल्या. त्यावर साहेबही हसले, अगदी मोकळेपणाने हसले, आणि शाल सावरत पुढच्या सेल्फीसाठी उभे राहिले.

त्या संध्याकाळी हितेंद्र पोटभर जेवला. गेल्या महिनाभराच्या सगळ्या चपात्या त्याने वसूल केल्या.

विसर्जन झाल्यावर साहेबांनी ऑफिसच्या भिंतीसाठी ती चित्रं मागून घेतली. आता ती परळच्या ऑफिसात, लांबच्या लांब कॉरिडॉरमध्ये लागली आहेत. एका टोकाला लिफ्ट आहे. तिकडून साहेब येतात आणि चालता चालता घोरण्यापासून वलयापर्यंत पोहोचतात. दुसऱ्या टोकाला जिना आहे. तिकडून डिलिव्हरीची माणसं येतात आणि वलयापासून घोरण्यापर्यंत जातात. कृपेची पाटी नूपुरने मधोमध ठोकून दिली आहे. दोन्हीकडची माणसं समाधानी आहेत.

साहेबांना त्या चित्रांत कोणीच ओळखत नाही. टाय आणि वलय यांपलीकडे त्यांना काही काढलेलंच नाही. पण तो क्लार्क! ढेरीवर ताणलेली शर्टाची बटणं, कपाळावर चढवलेला चष्मा, पायातून निसटलेली एक चप्पल. साहेबाचं वलय मोठं करून घेण्याच्या नादात हितेंद्रने क्लार्ककडे नीट पाहिलंच नव्हतं. घरी येऊन त्याने नूपुरला जाब विचारला, तर ती म्हणाली की मॉडेल समोरच हवं असतं, आणि सुट्टीच्या दुपारी घरात दुसरं कोण इतका वेळ न हलता पडून असतं?

तेव्हापासून जिन्याने वर येणारा प्रत्येक नवा माणूस चित्राकडे बघतो, मग हितेंद्रच्या टेबलाकडे बघतो, आणि पार्सल खाली ठेवून त्याची झोपमोड होऊ नये म्हणून चवड्यांवर परत जातो.