जिन्यातला पिवळा पंचा

मुलाच्या दोन खोल्यांत राहायला आल्यापासून म्हातारा गवंडी बायकोशी एकांतात दोन शब्द बोलला नव्हता. बाहेरच्या खोलीत नातवंडं, आत सूनबाई. गावी लग्नाआधी बरं होतं. तो तिच्या शेताच्या कुंपणावर पिवळा पंचा टाकायचा आणि विहिरीमागे जाऊन बसायचा. पंचा दिसला की ती घागर घेऊन यायची. एक घागर भरायला तासभर लागायचा, तरी तिच्या घरी कुणाला संशय आला नाही, याचं त्याला अजून नवल वाटे.

त्या दुपारी ट्रंकेत तोच पंचा सापडला. विरलेला, पण पिवळा. त्याने तो जिन्याच्या कठड्यावर टाकला आणि गच्चीवर टाकीच्या आडोशाला जाऊन बसला. ऊन मऊ झालं होतं. कबुतरं येत होती, जात होती. तिला आठवेल का, एवढंच त्याच्या मनात घोळत होतं.

टाकी धुवायची असली की वॉचमन जिन्यात पिवळं फडकं बांधतो, हे त्याला कुणी सांगितलं नव्हतं.

पहिल्या मजल्याने फडकं पाहून बादल्या भरायला घेतल्या. तो आवाज ऐकून दुसऱ्याने. घटकाभरात सगळे नळ सुटले आणि टाकी खरोखरच रिकामी झाली. अंगाला साबण लावलेले वकीलसाहेब टॉवेल गुंडाळून वर आले, त्यांच्यामागे अख्खी इमारत. फडकं आपलं नाही, असं वॉचमन शपथेवर सांगत होता. गवंडी अंग चोरून बसून राहिला.

"इथे आहात होय." बायको रिकामी बादली घेऊन उभी होती.

"पाण्याला आलीस?"

"पाणी सकाळीच भरलंय. पंचा बघितला."

"मग बादली कशाला?"

"घरातून निघायला हातात काहीतरी लागतं."

बादली पालथी घालून ती बसली. पलीकडे भांडण रंगात आलं होतं. गावात कुत्रं भुंकलं तरी जीव घाबरा व्हायचा, ती म्हणाली. इथे एवढी माणसं, पण एक मान इकडे वळत नाही.

"पण गावी घागरीने निभावलं. कुणाला कळलं नाही," तो म्हणाला.

"अहो, ती विहीर उन्हाळाभर कोरडी असायची. आई रिकामी घागर द्यायची आणि रिकामीच घ्यायची."

इतक्या वर्षांत त्याने त्या विहिरीत एकदाही डोकावून पाहिलं नव्हतं.

जिन्यातून सूनबाईने विचारलं, "आई, मिळालं का पाणी?"

"वेळ लागेल गं."

"लागू दे," सूनबाई म्हणाली, आणि गच्चीकडे निघालेल्या नातवंडांना धरून खाली घेऊन गेली.