खडोलीची कणगी आणि दिल्लीचे साहेब

वस्तू गोळा कराव्यात तर आपणच, असं विजय देवरे ज्याला त्याला सांगायचा. नाशिकचा हा पोरगा सिल्वासाच्या नव्या संग्रहालयात तीन वर्षं हंगामी नोकरीत लोंबकळत होता. सत्याऐंशीच्या पावसाळ्यात तो खडोलीच्या वारली पाड्यांवर घरोघर फिरला, "तुमच्या जुन्या वस्तू सरकारी हॉलमध्ये जपून ठेवू" एवढंच बोलला, आणि पंधरा दिवसांत एकशे बारा वस्तू चालत त्याच्या दारात आल्या! धान्य साठवायच्या बांबूच्या कणग्या, भोपळ्याचे फुंकून वाजवायचे तारपे, खळ्यावरची सुपं, विळे. त्याने प्रत्येक वस्तूवर नंबर घातला आणि दिल्लीला कळवलं. दिल्लीचे साहेब दिवाळीआधी तपासणीला येणार होते. त्यांनी मान डोलावली की नोकरी कायम, आणि नोकरी कायम झाली की त्याच्याशी लग्न ठरलेल्या, नाशिकच्या मीनाक्षीचे वडील लग्नाची तारीख काढणार. त्या भल्या माणसाला जावयाच्या शब्दापेक्षा सरकारी शिक्का पक्का वाटत होता.

तपासणीच्या सकाळी विजयने नवा शर्ट चढवून संग्रहालयाचं दार उघडलं, तर पायऱ्यांवर अर्धी खडोली बसलेली. त्याला वाटलं, साहेबांच्या स्वागताला आले. बिचारा गहिवरला.

"भात पिकला, सायेब," पुढे बसलेली म्हातारी तानूबाई म्हणाली. "कणगी न्यायला आलो."

विजयने समजावलं, की वस्तू आता सरकारच्या झाल्या. तानूबाईला ते काही पटेना. पावसात पाड्यावरची सगळी छपरं गळतात, सरकारचं गळत नाही, म्हणून तर आणून ठेवलं. आता भात काय पदरात साठवायचा? नवा भात घरी आला की तारपा वाजतो, त्यामुळे तिच्या शेजारी बसलेल्या झिपरूलाही त्याचा तारपा हवा होता. विजयने हात जोडले, दुपारपर्यंत थांबा म्हणून विनवलं. म्हातारीने मायेने त्याची पाठ थोपटली.

"नंबर घातलास ते बरं केलंस, पोरा. कुणाची कुणाला जायची नाही."

शेवटी विजयने नोंदवही उघडली आणि नंबर बघून एकेक वस्तू परत दिल्याची नोंद करत गेला. साहेबांची जीप आली तेव्हा शेवटची कणगी डोक्यावरून फाटकाबाहेर चालली होती. आत उरल्या होत्या रिकाम्या फळ्या आणि घामाघूम विजय. वस्तू कुठे आहेत, असं साहेबांनी विचारलं. थाप सुचेना, म्हणून विजय खरं बोलला.

"ज्याच्या त्याला परत दिल्या, साहेब."

साहेबांनी नोंदवही मागितली. एकशे बारा आल्या, एकशे बारा गेल्या, एकही गहाळ नाही की फुटलेली नाही. सरकारी खात्यात असं काही त्यांनी उभ्या हयातीत पाहिलं नव्हतं. चहाही न घेता ते विचारात पडून निघून गेले.

महिन्याभरात हुकूम आला. विजय देवरे कायम. नेमणूक रेशनच्या गोदामात, गोदामपाल म्हणून. विजयला रडूच कोसळलं. त्या कणग्या-तारप्यांवर त्याचा खरोखर जीव जडला होता. भीतभीतच त्याने नाशिकला कळवलं. मीनाक्षीच्या वडिलांचं उलट टपाली पत्र आलं:

"तारीख काढली आहे. टोपल्या राखण्यापेक्षा हे शतपटीने बरं. लग्नात साखर जरा जास्त लागेल, तेवढं बघा."