मोकळ्या बोळाचं गूढ

"सोलापुरात डोळ्यांत तेल घालून जागणारे दोघंच," तिप्पण्णाकाका मिशीला पीळ देत म्हणाले, "एक सिद्धेश्वराचा नंदादीप आणि दुसरा मी. गुन्हेगार माझं नाव ऐकून अक्कलकोटची एसटी पकडतात!"

काका हे शिवलीलाचे चुलत सासरे. जन्मभर सूतगिरणीच्या फाटकावर कामगारांचे डबे उघडून बघितले, त्या पुण्याईवर निवृत्तीनंतर गुप्तहेर झाले. आजवर पकडलेला एकमेव चोर शेजारच्या पाटलांचा नवा जावई निघाला होता.

शिवलीलाला मात्र हसू येत नव्हतं. घराचा बोळ सामाईक. शेजारच्या चंद्रव्वा कडक भाकरी विकायच्या आणि त्या वाळवायला रोज बोळात बाज टाकायच्या. लेक आरोहीला दमा. बाजेमुळे रिक्षा आत शिरेना; धाप लागली की पोरीला खांद्यावर टाकून रिक्षासाठी नाक्यापर्यंत पळायचं. शेवटी कोर्टाकडून मनाई हुकूम आणला: वाट अडवायची नाही. बाज तरी हलेना. हुकूम मोडला जातोय का, हे बघायला बेलीफ दोनदा आले, आणि दोन्ही वेळा बोळ आरशासारखा लख्ख! आजही तसाच दिसला तर अर्ज गेलाच म्हणून समजा, असं वकिलांनी बजावलं होतं.

"चंद्रव्वाला आतून खबर जाते," काका म्हणाले. "कोर्टातला चहावाला फुटलाय."

"चहावाला इथं कशाला फोन करेल?"

"मग ती समोरच्या गच्चीवरची लाल चादर! लाल म्हणजे बेलीफ निघाले."

"काका, ती आपलीच चादर आहे."

"म्हणजे घरभेदी!" काका खुर्चीतून उठलेच. "सूनबाई, तुझ्या नवऱ्यावर माझा पहिल्यापासून डोळा आहे."

शिवलीलानं सवयीनं खिडकीतून बाहेर पाहिलं. बोळात सासूबाई उभ्या होत्या, एका हातात शेणाच्या पाण्याची बादली, दुसऱ्यात खराटा.

"चंद्रव्वा, बाज उचला की वो. कोर्टाचा सायेब येनार हाय, सडा मारते."

"व्हय व्हय, घ्या की. सड्याला न्हाई कोन म्हनतंय?"

दोघींनी एकेक टोक धरलं आणि भाकऱ्यांसकट बाज चंद्रव्वांच्या कट्ट्यावर नेऊन ठेवली.

शिवलीला धावत बाहेर आली. "आत्या! मागच्या दोन्ही वेळेलाही तुम्हीच उचलायला लावली?"

"मग? सायेब दारात येनार, आन् बोळात उकिरडा? लोक शेन घालतील तोंडात!"

"मला संशय होताच," मागून काका म्हणाले.

"कुणाचा?"

"सगळ्यांचा."

शिवलीला चंद्रव्वांकडे वळली. "अक्का, बाज परत टाका ना बोळात."

"वल्ल्या भुईवर? भाकरी मऊ पडली तर गिऱ्हाईक तोंड बघंल का माझं?"

नाक्यावर मोटारसायकल थांबल्याचा आवाज आला. शिवलीलानं पदर खोचला. "काका, धरा!"

सासऱ्या-सुनेनं बाज उचलली आणि बोळाच्या मधोमध आणून टेकवली, तोच बेलीफ हेल्मेट काढत समोर उभे.

"बाई, अर्जदार तुम्हीच ना? आणि वाटही तुम्हीच अडवताय?"

काकांनी घसा खाकरला. "साहेब, हे गुन्ह्याचं प्रात्यक्षिक..."

"हात लावायचा न्हाई!" चंद्रव्वा कट्ट्यावरून कडाडल्या. "सायेब, बाज माझी हाय! सासूपासनं रोज हितंच पडते. भांडून बगा, कोर्टात जावा, येक दिस हलली न्हाई! सांगा हिला, दुसऱ्याच्या बाजंला हात लावतात का?"

बेलीफांनी पेनाचं टोपण काढलं. "रोज इथंच?"

"रोज!"

"कोर्टाचा हुकूम मिळाला होता का?"

"मिळाला की. ह्यो काय, बाजंच्या पायाला बांधलाय. बाज डुगडुगत हुती."

बेलीफ खाली वाकले, पाय नीट न्याहाळला, आणि शब्दन् शब्द पंचनाम्यात उतरवून वाचून दाखवला. चंद्रव्वांनी मान डोलावत झोकात सही ठोकली आणि शिवलीलाकडे बघून हात नाचवला.

"बगितलंस? सायबानं माझंच लिवून घेतलं!"

पुढच्या तारखेला कोर्टानं पोलिस बंदोबस्त दिला. बाज चंद्रव्वांच्याच गच्चीवर गेली. "तितं ऊन लई हाय, आदी का न्हाई सांगितलंस?" म्हणून शिवलीलालाच बोलणी बसली.

त्या संध्याकाळी आरोही अंगणात ठणठणीत खेळत होती. तरी शिवलीलानं नाक्यावरच्या गुरूची रिक्षा थेट उंबऱ्यापर्यंत बोलावली.

"कुठं जायचं, ताई?"

"कुठंच नाही," ती म्हणाली. "आता मागं घेऊन दाखवा."