मोझेसकाकांचा समुद्रगरुड

आमच्या पनवेलच्या सोसायटीत मोझेसकाकांना बसलेलं कुणी पाहिलेलं नाही. चहासुद्धा ते येरझारा घालत पितात. आमच्या हॉलमध्ये कपबशीसकट त्यांच्या फेऱ्या चालतात आणि बशीतला चहा आमच्या सोफ्याला मिळतो. "काका, टेका की जरा," म्हटलं की उत्तर ठरलेलं, "बसायला मी काय अंड्यांवर आहे?"

असा माणूस शिकारी पक्ष्यांचं चित्रीकरण करतो, म्हणजे कमालच. त्या कामात तासन्‌तास गप्प उभं राहावं लागतं. काकांच्या फिल्ममध्ये पक्षी कमी आणि काकांचा आवाज जास्त. "अगं, भरव की पिल्लाला तो मासा. किती वाट बघायला लावतेस?" समुद्रगरुडाची मादी ऐकत नाही, पण काका बजावत राहतात.

तिचं घरटं उरणच्या वाटेवर, खाडीकाठच्या एका जुन्या झाडावर. तिथे कंटेनर ठेवायला यार्ड होणार म्हणून झाडावर तोडायची खूण पडली आणि काकांच्या जिवाची घालमेल सुरू झाली. वनखात्याच्या साहेबांनी सांगितलं, घरटं नांदतं आहे, पिल्लू तिथूनच उडालं, हे दिसेल असं चित्रीकरण आणा, मग तोड थांबवता येईल. तेव्हापासून काका रोज पहाटे माझी बेल वाजवायचे. माझ्याकडे स्कूटर आहे, एवढाच माझा गुन्हा.

पिल्लाने मुहूर्त काढला तो नेमका शनिवारी. काका बेने इस्रायली, म्हणजे कोकणातले ज्यू; शनिवारी त्यांचा शब्बाथ, काम न करण्याचा दिवस, त्या दिवशी कॅमेऱ्याला हात लावत नाहीत. स्कूटरवर मागे बसलेलं कसं चालतं, हे मी विचारलं नाही. बटण दाबायचं मी, आणि काकांनी हात पाठीमागे बांधून हवेत बघत पुटपुटायचं, "कुणी जरा डावीकडे वळवलं तर बरं होईल."

पिल्लू फांदीच्या टोकाशी आलं, मागे सरकलं, पुन्हा आलं आणि उडालं. मी कॅमेरा त्याच्यामागे फिरवू लागलो, तेवढ्यात काकांचा हात पुढे आला. त्यांनी कॅमेरा धरून परत घरट्यावर आणला. मादी तिथे एकटीच उभी होती.

झाड वाचलं, हे आधीच सांगून टाकतो. पिल्लाची झेप आणि घरट्यातली मादी, साहेबांना तेवढं पुरलं. पण त्या क्षणी मी वैतागलोच. म्हटलं, काका, पिल्लू गेलं ना हातचं.

"पिल्लाला सगळेच बघतात रे," काका म्हणाले. "आमची रीना इस्रायलला गेली, तेव्हा विमानतळावर सगळे तिचेच फोटो काढत होते."

रीना त्यांची एकुलती एक. काकी त्याआधीच वारलेल्या. काकांचा हात अजून कॅमेऱ्यावरच होता, आणि शनिवार असल्याची आठवण मी काही करून दिली नाही.