गोखल्यांचा कप्तान

गेल्या सप्टेंबरच्या शेवटच्या शनिवारी, दुपारी चार वाजून दहा मिनिटांनी, जर्मनीतल्या एश्बॉर्न गावच्या एका सभागृहात सुधाकर गोखले बोलता बोलता थांबले. समोर साठेक माणसे होती. त्यांच्यापैकी कोणीही गोखल्यांना मध्येच थांबताना पाहिलेले नव्हते.

गोखले आमच्या इमारतीत तिसऱ्या मजल्यावर राहतात, मी दुसऱ्यावर. वय एकसष्ट, मूळचे पुण्याचे, काम सॉफ्टवेअर सल्लागाराचे. रोज सकाळी सात वाजता ते बाल्कनीत उभे राहून वाऱ्याची दिशा पाहतात आणि निळ्या पुठ्ठ्याच्या वहीत लिहितात. तारीख, वारा, हवा, प्रवास आणि शेरा असे पाच रकाने आहेत. एकदा त्यांना एकशे तीन ताप होता. त्या दिवशीही वाऱ्याची नोंद आहे, शेऱ्यात तापाचीही.

ही पद्धत त्यांनी एका फ्रेंच नौदल अधिकाऱ्याकडून घेतली. तो अठराव्या शतकात होऊन गेला. नऊ वर्षांपूर्वी माइन नदीकाठच्या जुन्या बाजारात गोखल्यांना त्याचे छापील चरित्र मिळाले. त्यात त्याची पत्रे आणि जहाजावरच्या नोंदी होत्या. गोखल्यांना फ्रेंच येत नव्हते. बावन्नाव्या वर्षी ते शिकले, तेही त्याच पुस्तकातून. त्यामुळे फ्रान्समधल्या स्ट्रासबुर्गच्या एका उपाहारगृहात पाणी मागताना ते वेटरला म्हणाले, "महाशय, गोड्या पाण्याची तजवीज व्हावी." वेटरने मालकाला बोलावले. मालकाने पाणी स्वतः आणून दिले आणि किंचित वाकून ठेवले.

कप्तानाचे आयुष्य मी त्यांच्याकडून अकरा वेळा ऐकले आहे. ब्रिटनीच्या किनाऱ्यावर जन्म. तेराव्या वर्षी जहाजावर. तिशीत स्वतःचे जहाज, मग हिंदी महासागर. तमिळ किनाऱ्यासमोरच्या लढाईत सुकाणू फुटले, तेव्हा त्याने स्वतःच्या खोलीचे दार काढून त्याचे सुकाणू करायला लावले आणि जहाज बंदराला लावले. पुढे इंग्रजांच्या कैदेत गेला. तिथेही तुरुंगाच्या खिडकीतून दिसेल तेवढा वारा लिहीत राहिला. शेवटी सुटका झाली आणि तो फ्रान्सच्या बंदरात उतरला. गोखल्यांची गोष्ट दर वेळी इथेच संपायची.

"वहीत नाही ते घडलं नाही," हे त्यांचे आवडते वाक्य. आम्ही त्याला हसायचो. मग एका जानेवारीत इमारतीचे हीटिंग बंद पडले. इमारत सांभाळणाऱ्या हाउसफरवाल्टुंगच्या बाईंनी फोनवर सांगितले की तक्रार एकाच दिवसाची दिसते. गोखले निळी वही घेऊन त्यांच्या कार्यालयात गेले आणि एकोणीस दिवसांचे खोलीतले तापमान वाचून दाखवू लागले. सातव्या दिवसापाशी बाईंनी तंत्रज्ञाला फोन लावला. गोखल्यांनी तरीही एकोणिसावा दिवस पूर्ण केला. त्यानंतर त्यांना कोणी हसले नाही.

शैलाताई, म्हणजे त्यांच्या पत्नी, याला अपवाद आहेत.

"अहो, त्या कप्तानाच्या बायकोचा वाढदिवस यांना पाठ आहे," एकदा चहा देताना त्या मला म्हणाल्या. "माझा विचारा."

"नोंद आहे," गोखले म्हणाले.

"बघा. वही बघून सांगणार."

त्यांची मुलगी मीरा बर्लिनला पीएचडी करते. तिला मराठी कळते, पण ती उत्तर जर्मनमध्ये देते. ती लहान असताना गोखले कामासाठी सोमवारी पहाटे निघत आणि गुरुवारी रात्री परत येत. कधी वोल्फ्सबुर्ग, कधी म्युनिक, कधी आणखी कुठे. असे सतरा वर्षे चालले. मीरा घरी वर्षातून दोनदा येते आणि दोन दिवस राहते.

मराठी मंडळाने गणेशोत्सवानंतरच्या कार्यक्रमात गोखल्यांना कप्तानावर बोलायला सांगितले, तेव्हा त्यांनी मीराला तीन वेळा फोन केला. तिसऱ्या फोनला ती यायला हो म्हणाली.

"पुढचं पानही सांगणार आहेत म्हणे," शैलाताईंनी मला आदल्या दिवशी जिन्यात सांगितले. "बंदरात उतरल्यानंतरचं. मला फ्रेंच येत नाही, पण यांनी समासात मराठीत लिहून ठेवलंय. मी वाचलंय. जमेलसं वाटत नाही."

शनिवारी मीरा तिसऱ्या रांगेत बसली होती. गोखले चाळीस मिनिटे बोलले. दाराचे सुकाणू झाले तेव्हा टाळ्या पडल्या. कैद झाली, सुटका झाली, बंदर आले. "कप्तान नऊ वर्षांनी घरी पोचला," गोखले म्हणाले. "त्याने दार वाजवलं." आणि ते थांबले.

मंडळाचे सचिव कुलकर्णी माइक बिघडला असे समजून पुढे आले आणि माइकवर टिचकी मारून परत गेले. माइक चालू होता.

मीराने जागेवरूनच जर्मनमध्ये विचारले, "मग काय झालं, बाबा?"

गोखल्यांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. मग पुस्तक उघडून समासातले मराठी वाचले. "वारा पश्चिमेचा, मंद. हवा स्वच्छ. घरी पोचलो. दार मुलीने उघडले. आपण कोण, असे तिने विचारले." पुस्तक मिटून ते म्हणाले, "त्या दिवशीची नोंद एवढीच आहे." आणि खाली बसले.

मीरा उठली आणि पुढे जाऊन त्यांच्या शेजारच्या खुर्चीवर बसली. ती काय म्हणाली ते मागे ऐकू आले नाही.

पुढच्या आठवड्यात हीटिंगच्या जुन्या नोंदी हव्या होत्या, म्हणून मी वही मागायला वर गेलो. शैलाताईंनी ती आणून दिली. शनिवारच्या शेऱ्यात 'मीरा आली' एवढेच होते. तिचे परतीचे तिकीट रविवारचे होते. ती मंगळवारी सकाळी गेली. रविवार आणि सोमवारचे सगळे रकाने, वाऱ्याचासुद्धा, कोरे आहेत.