बर्ट्रमचं शेवटचं वाक्य

तालमीत नाटकाचं शेवटचं वाक्य बोलायला बर्ट्रम पाइक काही केल्या तयार होईना. पहिल्या प्रयोगाआधी ते तोंडातून निघालं की नाटक पडतं, असं लंडनचे त्याच्यासारखे जुने नट मानत. ती जागा आली की तो "आणि मग ते वाक्य" एवढंच म्हणे आणि खुर्चीत बसे.

नाटककार क्लिफ रॉथवेलच्या अंगाचा तिळपापड होई. राणीपासून पाद्र्यापर्यंत कुणालाही न जुमानणारा हा गडी. बर्ट्रमचा म्हातारा खाणकामगार शेवटी प्रेक्षकांकडे बोट दाखवून "मसणात जा सगळे!" म्हणतो, त्या एका वाक्यासाठी त्याने अख्खं नाटक लिहिलं होतं. नाटकं तपासणाऱ्या सरकारी कचेरीतल्या मेजरशी भांडभांडून ही शिवी त्याने वाचवली होती. पण बर्ट्रमला कित्येक वर्षांनी काम मिळालं होतं, तेही क्लिफच्याच हट्टामुळे. म्हातारा एकदा जरी अडखळला तरी त्याला घरी बसवीन, असं निर्मात्याने बजावलं होतं. त्यामुळे क्लिफने तालमीत ते वाक्य मागायचं सोडून दिलं.

पहिल्या प्रयोगात बर्ट्रमने बोट उचललं आणि वाक्य साफ विसरला. बोट हवेतच राहिलं. अखेर बोट हळूहळू खाली आलं आणि म्हातारा पुटपुटला, "बरं, चहा टाकतो."

लोक ढसाढसा रडले. मग टाळ्या थांबेनात.

क्लिफ दातओठ खात रंगपटात शिरला. बर्ट्रम अर्धा रंग पुसून मान खाली घालून बसला होता.

"पोरा, वाटोळं केलं रे मी तुझ्या नाटकाचं."

क्लिफला त्याची फार दया आली. तेवढ्यात निर्माता आला. हे चहाचं वाक्य कुणाचं, त्याने विचारलं.

"माझंच. ऐनवेळी सुचलं," क्लिफ म्हणाला.

निर्मात्याचा चेहरा पडला. मंजुरीबाहेरचा एक शब्द बोलला तरी थिएटरवर खटला व्हायचा. "मग उद्या तूच जा आणि मंजूर करून आण."

दुसऱ्या दिवशी टाय लावून बंडखोर महाशय त्याच कचेरीत, त्याच मेजरसमोर हजर झाले आणि चहासाठी विनवण्या करू लागले.

"शिवी कुणी काढायला लावली तुम्हाला?"

"कुणी नाही, साहेब. मलाच चहा बरा वाटला."

मेजरने सही केली आणि कागद पुढे सरकवला.

"घाबरलात, रॉथवेल. वरच्यांशी भांडून ठेवली होती हो मी ती शिवी."